चमच्यातलं दूध गेलं कुठे? एकाच 'चमत्कारा'पुढे माणसं इतकी वेगळी का वागतात?

उंबरठा (धागाकर्ता):

तालुक्याच्या वाचनालयात दोन तासांचं सत्र घ्यायचं आहे. विषय 21 सप्टेंबर 1995, म्हणजे गणपती दूध प्यायला तो गुरुवार. पहाटे दिल्लीतल्या एका देवळातून बातमी निघाली, फोनवरून दुपारपर्यंत देशभर गेली आणि त्याच दिवशी लंडनच्या साउथॉलमधल्या विश्व हिंदू मंदिरापर्यंत पोचली. त्या एका दिवसात कुणी पातेलं घेऊन रांगेत उभं राहिलं, कुणी घरच्या देवघरात चमचा धरून पाहिला, कुणी हात जोडून लांबूनच नमस्कार केला, कुणी चिडून 'शुद्ध फसवणूक' म्हटलं, तर कुणी प्रयोगवहीच काढली.

मला दोन गोष्टी हव्या आहेत. प्रयोग लोकांसमोर हमखास जमायला हवा, माप-वजनासकट. आणि एकच चमचा बघून माणसं इतक्या वेगळ्या निष्कर्षांना का येतात, हे कुणालाही न दुखावता कसं मांडायचं? ऑगस्ट 2006 मधलं मुंबईतल्या माहीमचं 'गोडं पाणी', म्हणजे समुद्राचं पाणी गोडं झाल्याची बातमी, हेही घ्यायचा विचार आहे. जाणकारांनी सविस्तर लिहावं.

पातळ_थर:

आधी साहित्य. देवघरातली मूर्ती घेऊ नका, सभागृहातल्या कुणाला तरी ते खटकणारच. बाजारातून सात-आठ सेंटिमीटर उंचीची नवी पितळी मूर्ती आणा, सोंड थोडी पुढे आलेली. स्टीलचा चहाचा चमचा, 5 मिलिलिटरचा. दूध गाळून, गार झालेलं घ्या. साय राहिली तर ती चमच्याच्या कडेला अडकते आणि धार मध्येच तुटते. पाच किलोपर्यंतचा, एक ग्रॅम दाखवणारा स्वयंपाकघरातला डिजिटल काटा, एक परात आणि एक सुती पंचा.

मूर्ती आधी पाण्याने ओली करून घ्या. दहापैकी आठ प्रयोग फसतात ते इथेच. कोरड्या किंवा तेलकट पितळेला दूध धरत नाही, थेंब होऊन घरंगळतं आणि सगळ्यांना दिसतं. ओल्या मूर्तीवर मात्र ते कागदाहून पातळ थर होऊन सोंडेवरून पोटावर आणि पोटावरून पायाशी उतरतं. देवळात सकाळी अभिषेक झालेला असतो, म्हणजे मूर्ती आयतीच ओली. पुढे प्रत्येक भक्ताचं दूध पुढच्याच्या दुधाला वाट करून देतं. तेलात कालवलेल्या शेंदराचा लेप असलेल्या मूर्तीवर हे जमणं कठीण, शिवाय केशरी रंगावर पांढरा ओघळ लगेच दिसतो.

आता चमचा. तो काठोकाठ नाही, काठाच्या वर फुगवटा येईपर्यंत भरा. पृष्ठताणामुळे, म्हणजे द्रवाचा पृष्ठभाग ताणलेल्या पातळ पडद्यासारखा वागतो त्यामुळे, तो फुगवटा टिकून राहतो. चमचा सोंडेच्या टोकाखाली आणा, फुगवटा सोंडेला टेकू द्या. टेकताक्षणी दूध सोंडेला चिकटून खाली ओढलं जातं आणि चमच्यातली पातळी उतरताना दिसते. हे दृश्य खरोखरच विलक्षण दिसतं, हे सत्रात मोकळेपणाने सांगा. पातळी उतरली की सोंडेचा स्पर्श सुटू नये म्हणून हात आपोआप चमचा किंचित कलता करतो. धरणाऱ्याला ते जाणवत नाही. म्हणून तो शपथेवर सांगतो की मी ओतलं नाही, आणि तो खोटं बोलत नसतो.

यावरची परीक्षा सोपी आहे. वह्यांची चळत करा, चमच्याचा दांडा रबरबँडने तिला बांधा, उंची अशी ठेवा की फुगवटा सोंडेला टेकेल. काही थेंब जातात आणि प्रवाह थांबतो. चमचा भरलेलाच राहतो. हाताने धरला तर रिकामा, बांधला तर भरलेला, एवढं दिसलं की सभागृहात कुजबुज सुरू होते. तिथे तुम्ही काही बोलू नका, एखादा मिनिट जाऊ द्या.

वजनात बरेचजण चुकतात. मूर्ती परातीत ठेवून काटा शून्यावर आणतात, वीस चमचे म्हणजे 100 मिलिलिटर दूध पाजतात, काटा साधारण 103 ग्रॅम दाखवतो (दुधाची घनता 1.03), आणि 'बघा, सगळं इथेच आहे' म्हणतात. समोरचा हुशार असेल तर लगेच विचारेल, 'देवाच्या पोटात गेलेलं दूधही काट्यावरच आहे ना?' बरोबर आहे त्याचं. म्हणून क्रम असा ठेवा: कोरड्या मूर्तीचं वजन आधी, कोरड्या पंचाचं आधी, परातीचं आधी. दूध पाजून झालं की मूर्ती उचला, पंचाने खाचाखोचांतून नीट टिपा आणि मूर्ती पुन्हा तोला. तिचं वजन पहिल्याइतकंच भरतं. परातीत आणि पंचात वाढलेलं वजन मिळून 103 च्या आसपास येतं, दोन-तीन ग्रॅम चमच्याला आणि बोटांना लागलेले असतात. मूर्ती आतून पोकळ आणि तळाशी उघडी असेल तर उलटी करून आतही टिपा.

रंगाचा उपयोग संगमरवरी मूर्तीसाठी. पांढऱ्यावर पांढरं दिसत नाही, 1995 च्या गोंधळाचं निम्मं कारण एवढंच. केंद्राच्या विज्ञान व तंत्रज्ञान विभागाच्या वैज्ञानिकांनी तेव्हा दिल्लीतल्या देवळात रंग घातलेलं दूधच वापरलं होतं. बिटाचा रस चालेल. हळद-कुंकवाचे डाग संगमरवरावरून जात नाहीत, ते टाळा.

एक विनंती. 'केशाकर्षण' हा शब्द जिथे तिथे फेकू नका. पितळेला छिद्रं नसतात. एक मिलिमीटर व्यासाच्या काचनळीत पाणी सुमारे तीन सेंटिमीटर चढतं, ते केशाकर्षण. न रंगवलेल्या मातीच्या किंवा प्लास्टरच्या मूर्तीत दूध मुरतं, तेही केशाकर्षण. सोंडेवरून ओघळणाऱ्या दुधाचं काम पृष्ठताण, ओलं होणं आणि गुरुत्वाकर्षण या तिघांनी होतं. न समजलेला वैज्ञानिक शब्द पुटपुटणं आणि मंत्र पुटपुटणं यांत ऐकणाऱ्याला फरक कळत नाही.

तीर्थकुंड:

प्रयोगाचं वर उत्तम आलंय, मी माणसांबद्दल लिहितो.

तो दिवस पितृपक्षातला होता. विसर्जन होऊन दोन आठवडे होत आले होते, त्यामुळे घरोघरच्या मातीच्या मूर्ती पाण्यात गेलेल्या. उरल्या होत्या त्या देवघरातल्या पितळी-चांदीच्या आणि देवळातल्या दगडी-संगमरवरी. नेमक्या ज्यांच्यावरून दूध न मुरता ओघळतं त्याच. महाराष्ट्रात लोकांच्या हाताला 'यश' का येत होतं, याचं हे एक साधं कारण आहे आणि ते फारसं कुणी सांगत नाही.

आता नजर कुठे असते ते बघा. चमचा धरणाऱ्याची नजर सोंडेवर. त्याच्या मागे उभ्या माणसाची नजर चमच्यावर. रांगेतल्या शंभराव्या माणसाला यातलं काहीच दिसत नाही, त्याला पुढून परत येणाऱ्यांचे चेहरे दिसतात. आणि गुरवाची नजर खाली, कारण संध्याकाळी गाभारा त्यालाच धुवायचा असतो. तीर्थ वाहून जाण्याची पन्हळ पांढरी झालेली, फरशीच्या सांध्यांत दूध साचून आंबट वास सुटलेला, पायाला चिकचिक, कोपऱ्यात मुंग्यांची रांग. एकाच गाभाऱ्यात उभ्या चार माणसांनी चार वेगळ्या गोष्टी पाहिल्या. त्यांच्यात बुद्धीचा फरक शोधायला जाऊ नका, आधी जागेचा फरक शोधा.

म्हणून सत्रात प्रश्न बदला. 'देव दूध प्यायला का?' असं विचारलंत की माणूस लगेच आपल्या बाजूला जाऊन उभा राहतो. 'दूध कुठे गेलं?' असं विचारलंत की सगळे मिळून खाली वाकून बघतात. क्रियापदातच सगळा न्याय होऊन जातो. 'प्यायलं' म्हणणारा आणि 'ओघळलं' म्हणणारा एकाच चमच्याबद्दल बोलत असतात. प्रात्यक्षिकात निम्मा वेळ फक्त 'चमच्यातलं दूध कमी झालं' एवढंच वाक्य वापरा. त्यावर कुणाचंच दुमत नसतं, आणि सुरुवात तिथूनच व्हायला हवी.

'श्रद्धाळू' हा एक गठ्ठा समजू नका. आपल्याकडे नामदेवाच्या हातचा नैवेद्य विठ्ठलाने खाल्ला ही कथा घरोघर सांगितली जाते. त्या कथेत वाढलेल्या आजींना मूर्तीने दूध पिणं अशक्य वाटत नाही, उलट ओळखीचं वाटतं. त्याच परंपरेतले तुकोबा मात्र आपल्याला जडीबुटी किंवा उठाउठी चमत्कार दाखवता येत नाहीत असं अभंगात स्वच्छ सांगतात. चमत्काराकडे पाठ फिरवून हरिपाठ म्हणत बसणारा वारकरी हा त्या रांगेत न गेलेला श्रद्धाळूच आहे. सभागृहात असे निदान दहा जण असतील. त्यांना आधी बोलतं करा. 'माझ्या देवाला हे करून दाखवायची गरज नाही' हे वाक्य त्यांच्या तोंडून आलं तर तुमच्या अर्ध्या तासाच्या भाषणाचं काम होतं.

आणखी एक गट असतो, तो दोन्हीकडून दुर्लक्षित राहतो. विश्वास नाही, पण घरातल्या वडीलधाऱ्यांचा शब्द मोडवत नाही म्हणून चमचा धरणारा. याला सगळ्यांसमोर 'तुमचं मत काय?' असं विचारू नका. चिठ्ठीवर लिहून घ्या, नाव न घालता. सत्राच्या सुरुवातीला एक चिठ्ठी, शेवटी एक. हात वर करायला लावलंत तर शेजारी कोण बसलंय त्यावर आकडे ठरतात.

चमचा धरायला स्वयंसेवक घ्या तो 'देव प्यायला' म्हणणारा घ्या. तुम्ही स्वतः धरलात तर ती तुमची हातचलाखी ठरते. त्याच्या हातून आधी मूर्तीला, मग बत्त्याला, मग स्टीलच्या डावाच्या दांड्याला, मग कपाच्या कानाला दूध पाजा. वरवंटा टाळा, बारशाला त्याला बाळ म्हणून पाळण्यात घालतात, त्यामुळे 'यातही देव आहे' असा अर्थ निघतो आणि चर्चा भलतीकडे जाते. चप्पल किंवा बूट तर अजिबात नको. त्याने सिद्ध काहीच होत नाही, फक्त अपमान होतो आणि खोलीतले निम्मे लोक कान बंद करतात.

भरती_ओहोटी:

माहीमबद्दल. 18 ऑगस्ट 2006, शुक्रवार. माहीमच्या खाडीजवळ, मखदूम अली माहिमींच्या दर्ग्याच्या परिसरात समुद्राचं पाणी 'गोडं' झाल्याची बातमी पसरली. लोक प्यायले, बाटल्या भरून घरी नेल्या, लहान मुलांना पाजलं. काही तासांत गुजरातमधल्या तीथलच्या किनाऱ्यावरूनही तशीच बातमी आली. दोन दिवस उलटत नाहीत तोच मूर्ती दूध पीत असल्याच्या बातम्या पुन्हा सुरू झाल्या, आणि सोमवारी 21 तारखेला तर श्रावणी सोमवारची गर्दी देवळांत होतीच.

इथे आधी शब्द सोडवा. मराठीत 'गोडं पाणी' म्हणजे साखरेसारखं नव्हे, खारट नसलेलं. विहीर गोडी असते, मचूळ असते, खारी असते. हिंदीत 'मीठा पानी' तसंच. एकाने 'गोडं आहे' म्हटलं, दुसऱ्याने ते साखरेच्या अर्थाने ऐकलं, तिसऱ्याने तशीच चव सांगितली. समुद्राच्या एका लिटरमध्ये सुमारे 35 ग्रॅम क्षार असतात. जीभ तेवढ्या खारटपणाच्या तयारीत असते आणि मिळतं बरंच सौम्य पाणी. मग ते 'गोड'च वाटणार.

पाणी सौम्य का होतं? ऑगस्टचा पाऊस, मिठी नदीचं पाणी त्याच खाडीत येतं, आणि पावसाचं पाणी हलकं असल्याने खाऱ्या पाण्यावर (घनता साधारण 1.025) तरंगत राहतं. आयआयटी मुंबईच्या भूशास्त्रज्ञांनी जमिनीखालच्या खडकांच्या भेगांत साठलेलं गोडं पाणी समुद्रात आल्याची शक्यताही सांगितली होती. सत्रात हे पाच मिनिटांत दाखवता येतं. काचेच्या ग्लासात अर्धा लिटर पाण्याला 17-18 ग्रॅम मीठ या प्रमाणात खारं पाणी अर्ध्यापर्यंत भरा. वरून चमच्याच्या पाठीवरून अगदी हळू रंगीत साधं पाणी सोडा. स्पष्ट दोन थर दिसतात. घाई केलीत किंवा वरून धार धरलीत की सगळं मिसळतं. वरच्या थरात स्ट्रॉ बुडवून चव घ्यायला लावा, मग तळाशी. हे सगळं स्वच्छ ग्लास आणि पिण्याच्या पाण्याने करा.

पण माहीमची गोष्ट दुधापेक्षा गंभीर आहे, हे ठासून सांगा. मूर्तीपुढे दूध वाया जातं. खाडीच्या पाण्यात सांडपाणी असतं. महापालिकेने पाणी पिऊ नका म्हणून आवाहन केलं तरी लोक पीत होते, कारण जीभ 'चांगलं आहे' सांगत होती आणि जंतूंना चव नसते. टीडीएस मीटर घेऊन जाणाऱ्या उत्साही कार्यकर्त्यांनीही लक्षात ठेवावं की तो फक्त विरघळलेले क्षार मोजतो. आकडा कमी आला म्हणून पाणी पिण्यालायक ठरत नाही, उलट 'मशीननेही सांगितलं' असा प्रचार होतो. त्याऐवजी हायड्रोजन सल्फाइडची कुपी वापरा, ग्रामपंचायतींच्या पाणी तपासणीत असते ती. खुणेपर्यंत पाणी भरा, 24 ते 48 तास उबदार जागी ठेवा. काळी पडली तर विष्ठेतले जंतू असण्याची दाट शक्यता. थंडीत कपाटावर ठेवून दुसऱ्या दिवशी 'काळी झाली नाही' म्हणून निर्धास्त होऊ नका, साधारण 30 ते 37 अंश तापमान लागतं.

कुणी आधीच प्यायलं असेल तर त्याला बोल लावत बसू नका. जुलाब सुरू झाले तर एक लिटर उकळून गार केलेलं पाणी, सहा सपाट चमचे साखर, अर्धा चमचा मीठ, घोट घोट. लहान मूल, रक्त पडणं, लघवी कमी होणं, ग्लानी, यांपैकी काहीही असेल तर थेट दवाखाना.

उंबरठा:

सगळ्यांचे मनापासून आभार. विलेपार्ल्याच्या क्रूसाचं उदाहरणही घ्यावं का? फक्त हिंदूंचीच उदाहरणं घेतली असा आक्षेप यायला नको. आणि कायद्याच्या बाजूने काही सांभाळायला हवं का?

ओल_आणि_पोपडे:

घ्या, पण जपून. मार्च 2012, विलेपार्ल्यातल्या इर्ल्याचं वेलंकनी मातेचं चर्च, क्रूसावरच्या येशूच्या पायांतून पाणी ठिबकत होतं. लोक ते तीर्थासारखं गोळा करत होते. बुद्धिवादी कार्यकर्ते सनल एडामरुकू यांनी जागेवर जाऊन पाहिलं आणि जवळच्या स्वच्छतागृहाच्या तुंबलेल्या निचऱ्याचं पाणी भिंतीतून चढून खिळ्याच्या भोकातून येत असल्याचं सांगितलं. हे मात्र खरोखरचं केशाकर्षण, वरच्या मंडळींनी केलेला फरक इथे उपयोगी पडेल. चर्चच्या अधिकाऱ्यांनी अधिकृत चमत्कार म्हणून घोषणा केलेली नव्हती. तरी पुढे एडामरुकूंवर भारतीय दंड संहितेच्या 295-अ कलमाखाली तक्रारी झाल्या आणि त्याच वर्षी ते फिनलंडला गेले. इथेही तेच. पाणी गोळा करणारे, गप्प राहणारे, प्लंबिंग तपासणारे आणि पोलीस ठाण्यात जाणारे, सगळे त्याच थेंबाला उत्तर देत होते.

भिंतीतली ओल शोधायची रीत सांगतो, कारण घरातही उपयोगी आहे. ठिबकणाऱ्या जागेपासून वर आणि दोन्ही बाजूंना तीन-चार मीटरमध्ये नळ, न्हाणी, टाकी, पागोळी काय काय आहे त्याचा नकाशा काढा. मग एका वेळी एकच स्रोत बंद करा आणि निदान 24 तास थांबा. सगळे नळ एकदम बंद केले तर ठिबकणं थांबेल, पण कुणामुळे ते कळणार नाही. न्हाणीत आणि फ्लशच्या टाकीत वेगवेगळे रंग टाका, खाली पांढरा टिपकागद चिकटवा. विटा-चुन्याच्या भिंतीत पाणी भरलेलं असतं, म्हणून स्रोत बंद केल्यावरही दोन-दोन दिवस थेंब येत राहतो. 'नळ बंद केला तरी पाणी येतंय' हा चमत्काराच्या बाजूचा सर्वांत मोठा पुरावा इथेच तयार होतो.

कायदा. 295-अ च्या जागी आता भारतीय न्याय संहितेचं कलम 299 आहे. त्यात धार्मिक भावना दुखावण्याचा हेतुपुरस्सर आणि दुष्ट उद्देश लागतो. प्रयोग दाखवणं आणि शेरेबाजी करणं या वेगळ्या गोष्टी आहेत, दुसरी करू नका. सत्राचं ध्वनिमुद्रण पूर्ण ठेवा, तुकडे फिरले तर मूळ हाताशी असावं. दुसऱ्या बाजूने, महाराष्ट्राचा 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा तथाकथित चमत्कार दाखवून पैसे मिळवणाऱ्याला आणि त्याच्या प्रचाराने लोकांना फसवणाऱ्याला लागू होतो, शिक्षा सहा महिने ते सात वर्षं आणि दंड 5,000 ते 50,000 रुपये. रांगेत दूध घेऊन उभ्या असलेल्या बाईला तो लागू होत नाही. हे मुद्दाम सांगा, कारण 'आमच्या पूजेवर बंदी' ही भीती लोकांच्या मनात असते आणि त्या भीतीपोटी पुढचं काहीच ऐकलं जात नाही. नरेंद्र दाभोलकरांनी ज्या कायद्यासाठी आयुष्य वेचलं, त्याचा अध्यादेश 20 ऑगस्ट 2013 ला त्यांची हत्या झाल्यावर काही दिवसांत निघाला. त्याबद्दल बोलताना निदान आपल्याकडून चुकीची माहिती जाऊ नये.

तीर्थकुंड:

देवस्थानच्या विश्वस्तांपैकी कुणी सत्राला आलं तर त्यांच्यासाठी दोन शब्द, कारण अशा दिवशी सगळ्यांत आधी त्यांचीच तारांबळ उडते. दर्शन बंद करू नका, बंद दारापुढे अफवा दुपटीने वाढते. गाभाऱ्याबाहेर टेबलावर एक भांडं ठेवा, दूध तिथेच जमा करा आणि झाकून, त्वरित उकळून त्याच दिवशी वाटून टाका. मूर्तीखाली स्टीलची रुंद परात ठेवा. फरशीवर दूध सांडलं की संगमरवर तेलासारखा निसरडा होतो, ज्येष्ठ मंडळी पडतात. गोणपाट टाका आणि दर तासाला बदला. परात भरत चाललेली रांगेतल्या प्रत्येकाला दिसेल अशी ठेवा, फलक लावायची वेगळी गरज नाही.

उंबरठा:

शेवटचा प्रश्न. शाळेतली मुलं असतील तर शाडूची मूर्ती वापरू का? त्यांना ती जवळची वाटते.

पातळ_थर:

शाडू नको. न भाजलेली माती दुधाने मऊ पडते, आठ-दहा चमच्यांत सोंडेचं टोक खचतं आणि मुलं रडवेली होतात. शिवाय माती खरंच दूध शोषते, त्यामुळे वजनाचा प्रयोग उलटा पडतो. मुलांसाठी भाजलेल्या मातीची पणती घ्या. कोरडी तोला, 15 मिनिटं पाण्यात ठेवा, पुसून परत तोला. वजन वाढलेलं दिसेल. मग तेच पितळी निरांजनाचं करा, वजन तेवढंच राहील. 'कोण प्यायलं आणि कोण नाही' हे मुलं स्वतःच फळ्यावर लिहितील. पणती आधी तेलाने वापरलेली नको, तेल मुरलेली असेल तर पाणी आत शिरत नाही आणि आकडा जागचा हलत नाही.